आई-बाबा, माझ्या 'नोकरी'बद्दल थोडं

ती. बाबा आणि आई, सा. न.

परवा फोनवर आई म्हणाली "चला, लागली एकदाची नोकरी" आणि बाबा, तुम्ही मागून नुसतं "हं" केलंत. तो हं मला कळतो. म्हणून लिहितेय, फोनवर आई मधेच मावशीचे गुडघे काढते आणि मूळ विषय राहतो.

आई, आधी तुझं. गल्लीत पेढे वाटून झाले असतील तर असू दे, पण कॉलेजात नाटक शिकवायची ही नोकरी पर्मनंट नाहीये गं. तासिका तत्त्वावर आहे, म्हणजे जेवढे तास घेतले तेवढ्याचेच पैसे, मे महिन्यात शून्य. सिरियलचं पेमेंट नव्वद दिवसांनी यायचं म्हणून तू शिव्या घालायचीस ना, इथे बिल कधी पास होणार ते कुणालाच माहीत नसतं.

बाबा, तुम्हाला वाटतंय मी नाटक सोडलं. नाही सोडलं. शनिवार-रविवारचे प्रयोग चालू आहेत, पण नाईटवर, म्हणजे प्रयोगामागे मिळणाऱ्या पैशांवर, घर चालत नाही आणि सिरियलमध्ये चाळिशीनंतर एकतर हिरोची आई नाहीतर आत्या, बारा-बारा तास मढच्या शूटिंगच्या बंगल्यात दागिने घालून बसायचं आणि दिवसभरात चार रिअ‍ॅक्शन द्यायच्या, त्यातली एक ठसका लागल्याची. टीआरपी पडला की आपला ट्रॅक बंद, तेही मेकअपदादांकडून कळतं. तक्रार नाही, फ्लॅटचे हप्ते त्यातूनच गेले. पण कंटाळले होते हे खरंय.

आणि एक. नाटककार सतीश आळेकर पुण्याच्या बी. जे. मेडिकलमधली नोकरी सांभाळून नाटकं लिहितात, मग तुला काय होतंय, हे मी कॉलेजभर तुमच्याकडून ऐकलं. पण १९९६ला तीच नोकरी सोडून ते पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्राचे प्रमुख झाले आणि २००९पर्यंत पोरांना नाटक शिकवलं, हे मात्र तुम्ही कधी सांगितलं नाहीत!

वर्गात काय करते सांगू? ही पोरं कॉलरमाईकवर वाढलेली, समोरच्याला ऐकू जाईल एवढंच बोलतात. भावे नाट्यमंदिरात आपण कायम शेवटच्या रांगेत बसायचो (तुम्ही म्हणायचात नाटक इथूनच दिसतं, आई म्हणायची तिकीट स्वस्त म्हणून), तिथे यांचं एक अक्षर पोचलं नसतं. मग मी त्यांना ग्राउंडच्या टोकाला उभं करते आणि किराणा यादी वाचायला लावते, गेटवरच्या वॉचमनकाकांना कळली पाहिजे. एकाने घसा फाडून वाचली. काका म्हणाले, "शेंगदाणे कळले, किती ते नाय कळलं." ओरडलं की काना-मात्रा नुसत्या फुगतात, व्यंजनं बुडतात आणि शब्दाचं शेवटचं अक्षर तर खाऊनच टाकतात. मग त्याला जमिनीवर आडवं केलं, पोटावर हात, श्वास खाली, तीच यादी कुजबुजत, प्रत्येक अक्षर ओठाने पूर्ण करून. पुन्हा उभा राहिला, आवाज आधीपेक्षा कमीच होता, आणि काका तिकडून म्हणतात, "दीड किलो? एवढे कशाला?" सगळा वर्ग हसून आडवा. इतका मस्त लाफ्टर मला हल्ली नाटकातपण मिळालेला नाही.

आता मुख्य काम. पर्मनंटसाठी नेट, म्हणजे प्राध्यापकीची पात्रता परीक्षा, द्यायचीय, नाटकाचा विषय असतो त्यात, जेआरएफला, म्हणजे संशोधनाच्या फेलोशिपला, वयाची अट आहे पण आपल्याला नुसतं लेक्चररसाठी हवंय, त्याला नाही. त्यात नाट्यशास्त्र येतं. भरताने आठच रस सांगितले, शांत नंतर आला, इथपर्यंत ठीक, पण रस कसा तयार होतो ते सांगणाऱ्या सहाव्या अध्यायातल्या रससूत्रावर भट्ट लोल्लट, शंकुक आणि अभिनवगुप्त हे टीकाकार एकमेकांशी जे भांडतात ते माझ्या डोक्यावरून जातंय. तुम्ही इतकी वर्षं हायस्कूलमध्ये लोकांच्या पोरांना संस्कृत शिकवलंत, आता माझा नंबर. रात्री साडेआठला व्हिडिओ कॉल करते, तेव्हा आईची सिरियल असते म्हणजे तीही मधे बोलणार नाही. सोमवारपासून चालेल का ते सांगा, आणि चष्म्याचा नंबर बदलून घ्या आधी.

तुमची,
मनू