अंगठ्याआधीचा वाद

संपादक महोदय,

आपल्या पुरवणीतलं चित्रपट परीक्षण हल्ली जेमतेम शंभर शब्दांवर आलं आहे. कथानक, दोन विशेषणं आणि रेटिंगचे स्टार, संपलं! ‘लोक स्टारच बघतात’ असं यावर सांगितलं जातं. मला ते पटत नाही, आणि त्याचं कारण अमेरिकी समीक्षक रॉजर ईबर्ट.

ईबर्ट १९६७ मध्ये ‘शिकागो सन-टाइम्स’चे चित्रपट समीक्षक झाले तेव्हा पंचविशीचेही नव्हते. त्याच वर्षी ‘न्यूयॉर्क टाइम्स’चे ज्येष्ठ समीक्षक बॉस्ली क्राउदर यांनी ‘बॉनी अँड क्लाइड’ या चित्रपटाला झोडपून काढलं. या नवख्या माणसाने मात्र तो अमेरिकी सिनेमातला महत्त्वाचा टप्पा असल्याचं छातीठोकपणे लिहिलं. काळाने कौल त्यांच्या बाजूने दिला. १९७५ मध्ये समीक्षेचा पुलित्झर पुरस्कार मिळवणारे ते पहिले चित्रपट समीक्षक ठरले.

अंगठा वर की खाली, ही खूण घराघरांत पोचवली तीही त्यांनीच, प्रतिस्पर्धी ‘शिकागो ट्रिब्यून’चे जीन सिस्केल यांच्यासह, टीव्हीवर. पण त्या कार्यक्रमात अंगठ्याआधी वाद व्हायचा, अगदी हमरीतुमरीवर येऊन. एकाला जे भिडलं ते दुसऱ्याला का खोटं वाटलं, हे प्रेक्षकाला ऐकायला मिळायचं. शिकागोतल्या दोन कृष्णवर्णीय मुलांच्या बास्केटबॉलच्या स्वप्नांवरचा ‘हूप ड्रीम्स’ हा जवळपास तीन तासांचा माहितीपट. कोण बघणार होतं तो? या दोघांनी तो अक्षरशः उचलून धरला आणि लोक चित्रपटगृहात गेले. अंगठा तेवढा आपण उचलला, वाद सोडून दिला.

२००६ मध्ये कर्करोगाच्या शस्त्रक्रियांनंतर ईबर्ट यांची वाचा गेली, तोंडाने खाणंही थांबलं. लिहिणं थांबलं नाही. उलट २०१२ या एका वर्षात त्यांनी ३०६ परीक्षणं लिहिली. एवढी पूर्वी कधीच लिहिली नव्हती. २०१३ च्या एप्रिलमध्ये गेले तेव्हाही ते त्याच वृत्तपत्राचे समीक्षक होते. एकाच दैनिकात ४६ वर्षं! वाचकाला त्या माणसाची आवडनिवड, त्याचे हट्ट पाठ झालेले असतात. त्यामुळे त्याच्याशी असहमत होऊनही चित्रपट बघायचा की नाही ते ठरवता येतं. हे नातं तीन-साडेतीन स्टारमधून कसं जुळणार?

स्टार हवे तर राहू द्यात. ईबर्टही द्यायचे. पण आपले समीक्षक चांगलं लिहितात, हे जुने अंक वाचलेल्या आम्हा वाचकांना ठाऊक आहे. आठवड्यातल्या एका तरी चित्रपटासाठी त्यांना हजार शब्द द्या, आणि परीक्षणाखाली त्यांचं नाव पूर्ण छापा.

आपला,
एक नियमित वाचक