कापडाचा लोहार

तार्तू, एस्टोनिया
१२ नोव्हेंबर

तीर्थस्वरूप बापूकाकांस,
सा. नमस्कार.

इथल्या खेड्यातला शिंपी कसा जगायचा, असं तुम्ही विचारलं होतं. त्याला ‘रॅत्सेप’ म्हणत. शब्दाची फोड केली तर कापडाचा लोहार! आज हे आडनावही आहे.

एकोणिसाव्या शतकातला गावशिंपी दुकान थाटत नसे. शेतकऱ्याच्या घरी मुक्काम करायचा, तिथंच जेवायचा, घरच्यांचे लोकरी कोट शिवून पुढच्या घरी. सदरे बायका शिवत. जाड काम त्याच्याकडे. कापड मात्र तुम्हाला बघायला हवं होतं. लोकर मुद्दाम विरळ विणतात आणि गरम साबणपाण्यात तुडवतात. केसांवरचे खवले एकमेकांत अडकतात, कापड पाव ते तिसरा हिस्सा आटतं, वारा आत येत नाही. घोंगडीला आपण चिंचोक्याची खळ देतो, इथं नुसतं तुडवून घट्ट करतात. वीण आधीच घट्ट असली तर कापड नीट आटत नाही. अर्धवट तुडवलेलं बेतलं, तर पहिल्या पावसात बाही मनगटाच्या वर!

नीट तुडवलेल्या कापडाची कड उसवत नाही, त्यामुळे दुमडायची गरज नाही. दुमडली तर शिवण काठीसारखी जाड होते. सगळे तुकडे लव एकाच दिशेला ठेवून बेतायचे, नाहीतर पुढचा भाग एका रंगाचा, पाठ दुसऱ्या. मुंढ्यात बाही बसवताना जास्तीचं कापड चुण्या न घालता ओल्या फडक्यावरून इस्त्रीच्या वाफेनं आटवायचं. कोरडी इस्त्री लावली की चकाकी येते ती जात नाही. दोरा तागाचा, मेण लावलेला.

निळा रंग कसा काढत ते काकूंना जेवताना सांगू नका. नीळ मानवी मूत्रात घालून, मडकं चुलीजवळ अंगाएवढ्या उबेत आठवडेच्या आठवडे. गारठलं की आंबणं थांबतं आणि रंग चढत नाही. लोकर बाहेर काढली की हिरवट-पिवळी, हवा लागली की निळी. इंडिगो हे नाव आपल्या देशावरूनच पडलंय.

आता लग्नाचं. भूदासत्व, म्हणजे शेतकऱ्याला जमीनदाराशी बांधून ठेवणारी पद्धत, उत्तरेत १८१६ला, इकडे दक्षिणेत १८१९ला गेली, पण जमीन जर्मन जमीनदारांकडेच राहिली. मोकळेपणानं गाव बदलता येऊ लागलं ते १८६३च्या कायद्यानंतर. सुई-कात्री झोळीत मावते, तेव्हा शिंप्याला मालकाची गरज कमी. पण सोयरीक जमवणारे आधी शेत विचारत. जमीन नसलेल्याला ‘सौनिक’ म्हणत, दुसऱ्याच्या शेतातल्या झोपडीत राहणारा. मला वाटतं, तेच स्वातंत्र्य त्याला लग्नात आडवं यायचं.

मागणी घालायला वर आणि त्याचा बोलका माणूस दारूची बाटली घेऊन जात. ‘आमची कालवड हरवलीय, इकडे आली का?’ असं विचारायचं. घरच्यांनी घोट घेतला की होकार. मुलीनं मात्र वर्षानुवर्षं पेटी भरलेली असे: हातमोजे, मोजे, कंबरपट्टे, सगळं वराकडच्या नातेवाइकांना वाटायला. त्या कामात शिंप्याला कोणी विचारत नसे.

सोबत वीतभर नमुना पाठवतोय. काकूंना सांगा, गरम पाण्यात टाकू नका, अजून आटेल.

आपला,
सुधीर