रविवारची आठवण, आणि पुस्तकं परत आणा

मंडळी, येत्या रविवारी सायंकाळी 5 ला टिळकवाडीत नेहमीच्या जागी बसायचंय, विषय माणसाची उत्क्रांती आणि अनुवंश. डार्विनचं 1871 चं 'डिसेंट ऑफ मॅन' कुणाकडं आहे ते आणून द्या की हो, दोन महिने झाले, आणि अनुवंशाच्या पुस्तकात मेंडेलच्या वाटाण्यांची दोन पानं कुंद्याच्या तुपानं चिकटून आलीत, खावा, पण हात धुवून वाचा.

यावेळी मेन चर्चा अमेरिकन जनुकशास्त्रज्ञ लेवॉन्टिनच्या 1972 च्या पेपरवर. रक्तगट आणि प्रोटीन्सचा डेटा घेऊन त्यानं दाखवलं की माणसांतला सुमारे 85 टक्के जनुकीय फरक एकाच लोकसमूहाच्या आत सापडतो, ज्यांना आपण वंश म्हणतो त्यांच्यातला जेमतेम 6 टक्के. कट्ट्यावर बसून मराठी रक्त, कानडी रक्त करणाऱ्यांनी तर यावंच! पण 2003 ला ब्रिटिश जनुकशास्त्रज्ञ एडवर्ड्सनं हरकत घेतली, एकेक जनुक सुटं बघू नका, पुष्कळ एकत्र बघितले तर माणूस कुठल्या गटातला ते ओळखता येतं म्हणाला. मला दोन्ही पटतंय, म्हणून भांडायला माणसं पाहिजेत.

खानापूर-निपाणीवाल्यांची बस चुकू नये म्हणून 7 ला आवरतो. चहा आहे, कुंदा यावेळी नाही.