आधी नारिंगी झूल, मग नकली हरीण

प्रति,
माननीय संपादक,

महोदय,

अमेरिका आणि कॅनडात राहणारे आपले काही वाचक रीतसर परवाना काढून धनुष्याने हरणाची शिकार करतात. त्यांच्यापैकी जे खऱ्या हरणाला भुलवून जवळ आणणारे नकली हरीण, म्हणजे डिकॉय, घरीच बनवायला घेतात त्यांच्यासाठी हे पत्र. (भारतात १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने हरणाच्या शिकारीला बंदी आहे. तेव्हा इथल्या वाचकांनी यातले काहीही करून पाहू नये.) डिकॉय बनवण्याच्या कृती जागोजागी मिळतात. फोम कसा कापावा, रंग कोणता द्यावा हे सगळे त्यांत असते, आणि अगदी शेवटी, जागा उरलीच तर, 'ने-आण करताना नारिंगी कापड टाकावे' अशी एक ओळ असते. हा क्रम उलटा आहे आणि तो जिवावर बेतू शकतो.

बुजगावणे फसले तर पाखरे चार दाणे जास्त खातात. डिकॉयचे तसे नाही. तो जितका चांगला जमेल तितका माणसालाही फसवतो. अमेरिकेतल्या अनेक राज्यांत वनरक्षक रस्त्याकडेला मान आणि शेपटी हलवणारे यांत्रिक हरीण उभे करतात आणि गाडीतून बेकायदा गोळी झाडणाऱ्यांना पकडतात. लोक त्यावर खरोखर गोळ्या झाडतात. पहाटेच्या अंधुक उजेडात तेच रूप खांद्यावर घेऊन कुणी झाडीतून चालत असेल तर काय होईल, हे वेगळे सांगायला नको.

म्हणून पहिली कृती झुलीची, म्हणजे हे हरीण नव्हे हे दुरून कळावे म्हणून ने-आण करताना डिकॉयवर टाकायच्या नारिंगी कापडाची. शिकारीच्या जाकिटाला वापरतात ते चमकदार नारिंगी कापड साधारण ५ फूट लांब आणि ६ फूट रुंद घ्यावे. ते धडावर दोन्ही बाजूंनी पोटाखालपर्यंत येते. कडेला इलॅस्टिक ओवावे, म्हणजे काटेरी झुडपात अडकून झूल निघत नाही. डोक्यासाठी त्याच कापडाची वेगळी पिशवी शिवावी. शिंगे डोक्याला कायमची चिकटवू नयेत. ती नटबोल्टने बसवावीत आणि जागेवर पोहोचल्यावरच लावावीत. झुलीतून बाहेर डोकावणारे एक शिंगसुद्धा दूरच्या माणसाला पुरते. त्याच कापडाच्या फूटभर रुंदीच्या दोन पट्ट्या जास्तीच्या कापाव्यात. एक मचाणाच्या झाडाला आणि दुसरी डिकॉयजवळच्या झाडाला, चहूबाजूंनी दिसेल अशी गुंडाळावी. नारिंगी रंगाने हरीण बुजेल ही भीती अनाठायी आहे. हरणाच्या डोळ्यात रंग ओळखणाऱ्या पेशी दोनच प्रकारच्या असतात, आणि लाल-नारिंगी त्याला मळकट दिसतो. निळा आणि अतिनील प्रकाश मात्र त्याला आपल्यापेक्षा चांगला दिसतो. म्हणून 'शुभ्र धुलाई'च्या पावडरीने झूल किंवा कपडे धुऊ नयेत. त्या पावडरीतली चमक आणणारी द्रव्ये हरणाच्या डोळ्यात भरतात.

आता हरीण. पुढची मापे व्हाइटटेल जातीच्या हरणाची आहेत. खांद्याशी उंची ३६ इंच, पाठीपासून पोटापर्यंत छाती १६ ते १८ इंच, पोटाखाली मोकळी जागा १८ ते २० इंच. घरी बनवलेल्या हरणात हमखास चुकते ती ही शेवटची जागा. पाय आखूड होतात आणि हरीण मेंढीसारखे दिसू लागते. आधी पुठ्ठ्यावर पूर्ण मापाची आकृती कापून ती ३० यार्डांवर उभी करून पाहावी. चूक तिथेच कळते आणि फोम वाया जात नाही.

धडासाठी घरांच्या भिंतींत घालतात तो निळा किंवा गुलाबी, २ इंच जाडीचा फोम बोर्ड घ्यावा. पांढरा दाणेदार थर्मोकोल नको. तो कापताना दाणे सुटतात आणि रानभर कचरा होतो. ४ × ८ फुटांच्या एका बोर्डात धड, मान आणि डोके बसते. ४२ × १८ इंचांचे तीन थर मध्ये, आणि त्याहून लहान, साधारण ३४ × १२ इंचांचा एकेक थर दोन्ही बाजूंना. मधल्या तीन थरांपैकी नुसत्या मधोमधच्या थरालाच नव्हे, तर तिन्हींना आतून पोकळ करावे आणि कडेला ५ इंचांची भिंत ठेवावी. वजन उतरते आणि ने-आण करताना पाय आत ठेवता येतात. त्यासाठी बाहेरचा एक थर चिकटवू नये, झाकणासारखा पट्ट्याने बांधावा.

चिकटवायला फोमसाठीचा गोंदच घ्यावा. सॉल्व्हंट असलेला गोंद फोम खातो. पॉलियुरेथेन गोंद चालतो, पण तो फुगतो. वर विटांचे वजन ठेवले नाही तर रात्रीतून थर सरकतात. शिवाय वाळलेला गोंद दगडासारखा कडक होतो. जिथे नंतर गोलाई आणायची आहे तिथे कडेपासून दीड इंचापर्यंत गोंद लावू नये, नाहीतर सुरी फोमातून सरसर जाते आणि गोंदाच्या रेषेवर अडकून फोमाचा लचकाच काढते. कोरायला लांब, पातळ पात्याची सुरी, मग कानस, शेवटी पॉलिश पेपर. तोंडाला मास्क हवाच. गरम तारेने कापणार असाल तर उघड्यावर कापा, धूर वाईट असतो.

पायांना पाऊण इंची पीव्हीसी पाइपचे २८ इंचांचे चार तुकडे. यातला ८ इंचांचा भाग धडात जातो. समोरासमोरच्या कोपऱ्यातल्या दोन पायांत, म्हणजे पुढच्या डाव्या आणि मागच्या उजव्या, अर्ध्या इंचाची ३० इंची लोखंडी सळई सरकवायची. त्यातली १२ इंच जमिनीत ठोकायची. दोन सळयांवर हरीण वाऱ्यात टिकते. चारही पायांत सळया घातल्या तर खडबडीत जमिनीत भोके जुळवताना ठोकाठोकीचा आवाज दुप्पट होतो आणि फायदा काहीच नाही. पाइपवर सळई खणखणते, म्हणून सळईच्या वरच्या टोकाला जुन्या सायकल ट्यूबचा तुकडा चढवावा.

कोरून झाल्यावर उघडा फोम तसाच रंगवू नये. नख लागले तरी खड्डा पडतो. जुन्या सुती चादरीच्या पट्ट्या पाणी घातलेल्या बाहेरच्या भिंतीच्या रंगात बुडवून दोन थर चढवावेत, पहिला पूर्ण वाळल्यावर दुसरा. स्प्रे कॅनचा सॉल्व्हंटवाला रंग थेट फोमवर मारला तर तो भाग वितळून आत बसतो, म्हणून रंग सगळे पाण्यावरचे आणि मॅट. इथे आणखी एक चूक होते. हरीण म्हटले की हात तांबूस रंगाकडे जातो, पण तो व्हाइटटेलचा उन्हाळी रंग. नोव्हेंबरमध्ये अंगावर राखाडी तपकिरी हिवाळी केस असतात. पाठ गडद, बाजू फिक्या, पोट पांढरे. गळ्यावर, नाकामागे, डोळ्यांभोवती आणि कानांच्या आत पांढरा. माजावर आलेल्या नराच्या मागच्या पायांच्या सांध्यावर आतून काळसर डाग असतात, तेही द्यावेत. जवळजवळ कोरड्या ब्रशने मानेकडून शेपटीकडे आखूड फटकारे मारले की केसांचा भास होतो. घाईने एकसारखा लावलेला रंग दुरून रंगवलेल्या पिंपासारखा दिसतो.

रंगापेक्षाही उभे राहण्याची ढब महत्त्वाची. मान वर ताठ, कान पुढे आणि शेपटी उभी असे हरीण चित्रात देखणे दिसते, पण हरणांच्या भाषेत त्याचा अर्थ 'धोका आहे, पळा' असा होतो. मान पाठीच्या रेषेत किंवा थोडी वर आणि शेपटी खाली हवी. नराचे कान किंचित मागे वळवावेत, तो दुसऱ्या नराला दिलेला इशारा असतो. शेपटी फोमाची करू नये. साधारण १० इंचांची पांढऱ्या कापडाची पट्टी बारीक दोरीने टांगावी, म्हणजे झुळुकीबरोबर हलते. पूर्ण निश्चल हरणाकडे बघून खरे हरीण थबकते, पाय आपटते आणि फुरफुरून निघून जाते. विशेषतः मादी. मादीच्या शिकारीसाठी डिकॉय वापरूच नये असे आमचे स्पष्ट मत आहे.

शिंगे लहान ठेवावीत, दीड वर्षाच्या नराइतकी. मोठी शिंगे पाहून बहुतेक नर लांबूनच वाट बदलतात. मचाणाच्या बाजूचे एक शिंग काढून ठेवणे ही जुनी आणि उपयोगी युक्ती आहे. येणारा नर शिंग नसलेल्या बाजूने यायला बघतो, आणि ती बाजू आपल्याकडे असते.

कोरुगेटेड प्लास्टिकच्या पत्र्याचे सपाट हरीण हलके आणि स्वस्त पडते, पण समोरून पाहिले की नाहीसे होते. हरीण घेरा घालत येते आणि अचानक समोरचे हरीण गायब झालेले पाहून उधळते. बनवायचेच असेल तर दोन आकृत्या बिजागरीने कोनात जोडाव्यात, पत्र्याच्या आतल्या नळ्या पायांच्या दिशेने उभ्या ठेवाव्यात (आडव्या असतील तर पाय गुडघ्यात मोडतो), आणि रंगाआधी पॉलिश पेपरने घासून प्लास्टिकचा प्रायमर द्यावा, नाहीतर रंगाचे पापुद्रे निघतात.

वास. ताज्या रंगाचा आणि गोंदाचा वास जायला काही आठवडे लागतात, म्हणून सप्टेंबरच्या सुरुवातीला काम संपलेले असावे. पेट्रोलच्या डब्याशेजारी डिकॉय ठेवू नये. हात लावायचा तो रबरी हातमोजे घालूनच. बाजारात मिळणारे हरणाचे खरे मूत्र शिंपडू नये. क्रॉनिक वेस्टिंग डिसीज हा हरणांना मारणारा रोग १९६७ मध्ये कोलोरॅडोत प्रथम आढळला. त्याचे प्रिऑन (रोग पसरवणारी बिघडलेली प्रथिने) मूत्रातून आणि लाळेतून बाहेर पडतात आणि मातीत वर्षानुवर्षे टिकतात. व्हर्जिनियासारख्या राज्यांत असे मूत्र वापरायला बंदीच आहे. याच कारणाने डिकॉयवर खरे कातडे किंवा शेपूट लावू नये.

उभा कुठे करावा? दाट झाडीत नको. वळणावर अचानक समोर आलेल्या हरणाने खरे हरीण बुजते. शंभर यार्डांवरून दिसेल अशी मोकळी जागा हवी, जसे कापणी झालेल्या मक्याच्या शेताची कड. रस्त्यावरून दिसणारी जागा मात्र कधीच नको. नर बहुधा डिकॉयवरून वारा जिकडे वाहतो त्या बाजूला जाऊन हुंगतो. म्हणून वारा उत्तरेकडून असेल तर डिकॉय उत्तरेला आणि मचाण त्याच्या दक्षिणेला १५ ते २० यार्डांवर. हुंगायला येणारा नर मग दोघांच्या मधून जातो. अंतर ४० यार्ड ठेवले तर तो बाणाच्या टप्प्याबाहेरूनच फिरतो. नर डिकॉयचे तोंड थोडे तिरपे मचाणाकडे ठेवावे, कारण येणारा नर समोरासमोर येऊन उभा राहतो. मादी डिकॉयचे तोंड मचाणापासून दूर ठेवावे, कारण तिच्याकडे नर मागून येतो. उत्तरेकडच्या राज्यांत ऑक्टोबरचा शेवटचा आठवडा ते नोव्हेंबरचा मध्य हा खरा काळ. एकदा नर माजावरच्या मादीमागे लागला की डिकॉयकडे ढुंकूनही बघत नाही. सकाळी दहिवर पडले असेल तर पाठ पुसून घ्यावी. मॅट रंगसुद्धा ओला झाला की चकाकतो.

बंदुकीच्या हंगामात डिकॉय अजिबात बाहेर काढू नये. काही राज्यांत धनुष्याच्या हंगामातच मुलांसाठी किंवा ठासणीच्या बंदुकांसाठी काही दिवस राखलेले असतात, तेही पंचांगासारखे पाहून ठेवावेत. विजेवर हलणाऱ्या डिकॉयचे नियम राज्यागणिक वेगळे आहेत, तेव्हा मोटर बसवण्याआधी आपल्या राज्याचे नियम वाचावेत. मचाण अशा ठिकाणी असावे की पायवाट आणि तुमच्या मधोमध डिकॉय येणार नाही. कुणी माणूस येताना दिसला तर हात हलवू नये, हलणारा हात शेपटीसारखा दिसतो. मोठ्याने हाक मारावी. अंधारात जाताना-येताना डोक्यावरचा दिवा चालू ठेवावा.

आणि उतरताना क्रम असा: खाली आल्याबरोबर आधी शिंगे काढायची, मग डोक्याला पिशवी, मग धडावर झूल, आणि त्यानंतरच जमिनीतल्या सळया उपटायच्या.

आपले नम्र,
काही वाचक