माल्टाच्या संस्कृती मंत्र्यांना खुले पत्र: युरोव्हिजनला एकदा माल्टीज गाणे पाठवा

माननीय मंत्रिमहोदय,
सप्रेम नमस्कार.

मी मूळची सांगली जिल्ह्यातली. गेली सात वर्षे माल्टातल्या एका वृद्धाश्रमात परिचारिका म्हणून काम करते. हे पत्र मराठीत लिहिते आहे. त्याचे इंग्रजी भाषांतर आपल्या कार्यालयाकडे वेगळे पाठवते. आपल्या देशाने युरोपसमोर स्वतःच्या भाषेत गावे, ही विनंती मी स्वतः उसन्या भाषेत करावी हे मनाला पटेना.

आमच्याकडे एक आजी आहेत. वय ऐंशीच्या पुढे. सकाळी केस विंचरताना त्या हमखास एक गाणे गुणगुणतात, ‘मारिया ल-मालतिया’. युरोव्हिजनमध्ये, म्हणजे युरोपातल्या देशांच्या वार्षिक गाण्यांच्या स्पर्धेत, माल्टाने गायलेले हे पहिले गाणे. 1971 साली डब्लिनमध्ये जो ग्रेक यांनी ते गायले. पहिल्यांदा मी विचारले तेव्हा आजी खुलून सांगत होत्या, सगळी गल्ली एका घरातल्या टीव्हीपुढे कशी जमली होती ते. मग एकदम आवाज खाली आला. म्हणाल्या, ‘गाणं चांगलं होतं गं, पण आपण शेवटी आलो.’ त्यानंतर किती वेळा विषय निघाला असेल, दर वेळी हे वाक्य येतेच, आणि दर वेळी आवाज तसाच खाली जातो. पन्नासहून जास्त वर्षांपूर्वीच्या एका निकालाची लाज अजून त्यांच्या मनातून गेलेली नाही.

त्या निकालाकडे आपण जरा नीट पाहू या. 1971 मध्ये 18 देश होते. प्रत्येक देशाचे परीक्षक फक्त दोन, एक पंचविशीच्या आतला आणि एक त्यापुढचा. प्रत्येकाने प्रत्येक गाण्याला 1 ते 5 गुण द्यायचे. स्वतःच्या देशाला गुण देता येत नाहीत, म्हणजे माल्टाच्या गाण्याचा निकाल लावणारी माणसे होती 34. पुढच्या वर्षी एडिनबरोला हेलन आणि जोसेफ यांनी ‘लिम्हाब्बा’ गायले. माल्टीजमध्ये या शब्दाचा अर्थ प्रेम. तेव्हाही 18 देश, तीच पद्धत, आणि पुन्हा 34 माणसे. पुन्हा शेवटचा क्रमांक. एका खोलीत सहज मावतील एवढ्या लोकांनी दोन संध्याकाळी दिलेला हा कौल आहे, आणि त्यावर एका देशाने कायमची समजूत करून घेतली की आपली भाषा बाहेर चालत नाही. त्यानंतर माल्टातून पूर्ण माल्टीज गाणे एकदाही गेलेले नाही. कधी इंग्रजी गाण्यात एखादी ओळ शिरली असेल, तेवढीच.

इंग्रजीने यश दिले, हे मी नाकारत नाही. मोठ्या खंडानंतर 1991 मध्ये माल्टा परतला आणि 1998 पर्यंत सलग आठ वर्षे पहिल्या दहात राहिला. 1992 मध्ये मेरी स्पितेरी तिसऱ्या, 1998 मध्ये कियारा तिसऱ्या. पण या यशामागे एक नियम होता, त्याची आठवण फारशी कोणी काढत नाही. तेव्हा प्रत्येक देशाला आपल्या अधिकृत भाषेतच गावे लागे. इंग्रजी ही माल्टाची दुसरी अधिकृत भाषा, त्यामुळे ब्रिटन आणि आयर्लंड सोडले तर ती सवलत माल्टालाच होती. आयर्लंड त्याच आठ वर्षांत चार वेळा जिंकला, हे सगळ्यांना ठाऊक आहे. 1999 मध्ये भाषेचे बंधन गेले. स्वीडनपासून अझरबैजानपर्यंत सगळे इंग्रजीत गाऊ लागले. जी गोष्ट फक्त तिघांकडे होती ती सगळ्यांच्या हाती आली, आणि माल्टा मात्र अजून तिच्याच जोरावर जिंकू पाहतो आहे. त्यानंतरही आयरा लोस्को 2002 मध्ये आणि कियारा 2005 मध्ये दुसऱ्या आल्या. कियारा तर नर्तकांशिवाय, एकटी उभी राहून गायली होती. ही त्या गळ्यांची ताकद. पण 2022, 2023 आणि 2024 अशी सलग तीन वर्षे गाणे उपांत्य फेरीतच थांबले.

गाणी येतात कुठून, हाही प्रश्न आहे. 2021 मध्ये डेस्टिनी सातवी आली. नायजेरियातून इथे खेळायला आलेल्या फुटबॉलपटूची ही माल्टात वाढलेली मुलगी. तिचा आवाज ऐकला की माझ्यासारख्या बाहेरून आलेल्या बाईचाही ऊर भरून येतो. पण त्या गाण्याचे नाव फ्रेंच, बोल इंग्रजी आणि रचनाकार मुख्यतः स्वीडिश. गळा तेवढा माल्टाचा. ती गाणी वाईट होती असे मी म्हणत नाही. माझे म्हणणे एवढेच की मे महिन्यात कोट्यवधी लोक माल्टा हे नाव ऐकतात, आणि त्या तीन मिनिटांत त्यांना माल्टाबद्दल काहीच कळत नाही.

2025 मध्ये जे घडले त्याने मला सगळ्यात जास्त वाईट वाटले. मिरियाना कॉन्ते हिच्या गाण्याचे नाव होते ‘कान्त’. माल्टीजमध्ये कान्त म्हणजे गायन. (आमच्या ‘कंठ’शी त्याचे नाते नाही, तरी मला दर वेळी तोच आठवतो.) हा शब्द इंग्रजीतल्या एका शिवीसारखा ऐकू येतो आणि गाण्यात तो मुद्दाम तशाच खेळकर अर्थाने आणला होता. आक्षेप आला, शब्द काढावा लागला, गाणे ‘सर्व्हिंग’ या नावाने गेले आणि अंतिम फेरीत सतरावे आले. प्रेक्षकांनी तो गाळलेला शब्द स्वतः ओरडून भरला, म्हणून बातम्या झाल्या. कितीतरी वर्षांनी एक माल्टीज शब्द युरोपच्या तोंडी आला, आणि तो आला तो इंग्रजी शिवीची छटा घेऊन.

माल्टीज भाषेतला सर्वांत जुना उपलब्ध मजकूर कोणता, हे मला इथल्या एका सहकारी बाईंनी सांगितले: पिएत्रु काशारो यांची ‘कान्तिलेना’. पंधराव्या शतकातली कविता, जुन्या दप्तरांत पडून होती, 1966 मध्ये सापडली. म्हणजे ज्या भाषेचा पहिला पुरावा म्हणून आज एक कविता समोर येते आणि तिच्या नावातच ‘कान्त’ आहे, त्या भाषेतला तोच शब्द गाळून गाणे पुढे गेले. अरबीच्या कुळातली, सिसिलीच्या वाटेने आलेली, रोमन लिपीत लिहिली जाणारी अशी ही भाषा. युरोपीय संघाच्या अधिकृत भाषांमध्ये सेमिटिक कुळातली ही एकटीच. असे काही हाती असताना आपण स्वीडनला स्वीडनसारखेच ऐकवायला का जातो?

मंत्रिमहोदय, 28 जूनच्या रात्री इमनारयाच्या सणाला बुसकेतच्या बागेत मी दरवर्षी जाते. झाडांखाली सशाचे कालवण शिजत असते, गिटारवाले खुर्च्या मांडून बसलेले असतात, आणि आना, म्हणजे इथले पारंपरिक लोकगायन, सुरू होते. पहिल्या वर्षी मला भाषेतले अक्षरही कळत नव्हते, तरी समोर काय चालले आहे ते मी लगेच ओळखले. ज्याला ‘स्पिर्तु प्रोन्त’ म्हणतात तो तर आमचा कलगी-तुरा! एकाने जागच्या जागी कडवे रचायचे, दुसऱ्याने त्याच चालीत त्याला उत्तर द्यायचे, आणि भोवतालच्या लोकांनी टोला बरोबर बसला की मान डोलवायची. दुसरा प्रकार ‘ताल-फात्त’. एखादी घडलेली गोष्ट, खून, जहाजबुडी, सुरुवातीपासून शेवटपर्यंत गाऊन सांगायची. आमच्याकडे शाहीर डफावर पोवाडा म्हणतो, तसेच. तिसऱ्या प्रकारात पुरुष इतक्या वरच्या पट्टीत गातात की अंगावर काटा येतो. युनेस्कोने 2021 मध्ये आना आपल्या वारसायादीत घेतली. त्या रात्री आलेल्या पर्यटकांना मी पाहते. एक शब्द कळत नसताना ते दोन-दोन तास हलत नाहीत. मग युरोव्हिजनचा प्रेक्षक वेगळ्या मातीचा आहे का?

आता मुद्द्यावर येते. युरोव्हिजनचे गाणे पीबीएस ही प्रसारणसंस्था निवडते, आपले मंत्रालय नाही, हे मला माहीत आहे. पण पीबीएस सरकारच्या मालकीची आहे. आणि आपल्या खात्याच्या फेस्टिव्हल्स माल्टा या संस्थेकडून 2021 पासून ‘मुझिका मुझिका’ हा माल्टीज गाण्यांचा महोत्सव होतो. नवी गाणी, माल्टीज बोल, ऑर्केस्ट्राची साथ. मी तो घरी बसून पाहते, अर्धे कळते, अर्धे शेजारीण सांगते. तिथे गाजलेले गाणे पुढे कुठे जाते? कुठेच नाही. युरोव्हिजनची निवड वेगळीच चालते, वेगळ्या गाण्यांची, बहुतेक इंग्रजीत. साडेपाच लाखांच्या आतबाहेरच्या देशात एक मंच माल्टीजसाठी आणि दुसरा जगासाठी, आणि दोघांची गाठ नाही. आमच्या गावात सरकारने पाण्याची टाकी बांधली आणि नळ जोडायचे राहून गेले होते, त्याची मला आठवण होते. ही जोडणी आपण करा. मुझिका मुझिकाच्या विजेत्याला युरोव्हिजनच्या राष्ट्रीय अंतिम फेरीत थेट जागा द्या. पुढे जनता आणि परीक्षक त्याला निवडोत वा न निवडोत, पण माल्टीज गाणे त्या मंचावर दरवर्षी असलेच पाहिजे.

याहून पुढे जायचे असेल तर आइसलँडकडे पाहा. लोकसंख्या माल्टाहूनही कमी, चार लाखांच्या आत. 2025 पर्यंत त्यांच्या ‘सॉंग्वाकेप्निन’ या निवडस्पर्धेत उपांत्य फेरीत प्रत्येक गाणे आइसलँडिकमध्येच म्हणावे लागे. अंतिम फेरीत मात्र युरोव्हिजनला वापरायची भाषा गायक स्वतः निवडे. कोणावर सक्ती नव्हती, पण गाणे आधी घरच्या भाषेत जन्माला येई, मग बाहेर जाई. 2025 मध्ये तर त्यांचे गाणे आइसलँडिकमध्येच बाझेलच्या अंतिम फेरीत पोचले. अल्बानियाची निवड ज्या महोत्सवातून होते तो 1962 पासून चालू आहे, आणि 2025 मध्ये त्यांचे अल्बानियन गाणे आठवे आले. लिथुआनियाने 2024 आणि 2025 अशी दोन्ही वर्षे लिथुआनियनमध्ये गाऊन अंतिम फेरी गाठली.  2025 मध्ये लातव्हियाच्या सहा मुली लातव्हियनमध्ये गायल्या आणि तोही अंतिम फेरीत गेला. पोर्तुगालने 1964 पासून वाट पाहिली. 2017 मध्ये साल्वादोर सोब्राल बहिणीने लिहिलेले साधे, हळुवार पोर्तुगीज गाणे घेऊन उभा राहिला आणि 758 गुणांनी जिंकला. त्यांची सरकारी वाहिनी संगीतकारांनाच आमंत्रण देते, तुम्ही आमच्यासाठी गाणे करा म्हणून. माल्टात 2019 आणि 2020 मध्ये तर आधी गायक ठरला आणि मग त्याच्यासाठी गाणे शोधले गेले. त्याऐवजी आधी गाणे, मग गायक असा क्रम ठेवला तर इथल्या कवींनाही काम मिळेल.

एक तक्रारही आहे, ती मतदाराची. 2016 मध्ये लोकांनी आणि परीक्षकांनी आयरा लोस्को यांचे ‘कमेलियन’ निवडले आणि प्रत्यक्षात दुसरेच गाणे स्टॉकहोमला गेले. 2022 मध्ये एमा मस्कत यांच्या बाबतीत पुन्हा तेच. नियमांत तशी मुभा होती, त्यामुळे दोघींना दोष नाही. पण ज्या गाण्यासाठी घरोघर फोन फिरले, पैसे खर्च झाले, ते गाणेच जर जाणार नसेल तर मत कशाला मागायचे? ही मुभा कायमची काढून टाका. आणि प्रत्येक परीक्षकाने कोणाला किती गुण दिले ते त्याच रात्री जाहीर करा. ज्या देशात परीक्षकाचा चुलतभाऊ गायकाच्या शेजारी राहत असतो, तिथे हे जास्तच गरजेचे आहे.

शेवटचे येण्याची भीती मला समजते. माझ्या भाषेलाही ती होती. 2004 मध्ये भारताने ऑस्करसाठी ‘श्वास’ हा मराठी चित्रपट पाठवला. एवढा मोठा देश, एवढा मोठा हिंदी उद्योग, आणि निवड झाली कोकणातल्या एका आजोबा-नातवाच्या गोष्टीची. अमेरिकेत चित्रपट दाखवायला पैसे नव्हते, तेव्हा शाळेतल्या मुलांनीसुद्धा वर्गणी काढली. नामांकन मिळाले नाही. पण त्यानंतर मराठीत चित्रपट काढायला लोक पुढे येऊ लागले, हे आम्ही डोळ्यांनी पाहिले. ‘श्वास’ हरला म्हणून आवाज खाली करणारा मराठी माणूस मला अजून भेटलेला नाही.

2021 च्या जनगणनेप्रमाणे या बेटांवर 5 लाख 19 हजार लोक होते आणि त्यातला पाचातला एक जण माझ्यासारखा बाहेरून आलेला. आम्ही आलो की दुकानात, बसमध्ये, दवाखान्यात इंग्रजी वाढते; ते आमच्यामुळेच होते, हे मला कळते. म्हणून तर बोलायचा धीर केला. माझी मुलगी इथल्या शाळेत माल्टीज शिकते. घरी येऊन त्या भाषेतल्या कविता पाठ करते तेव्हा मी मराठीत अर्थ विचारते आणि ती मराठीतच सांगते. तिला ही भाषा परीक्षेपुरती वाटू नये, मोठ्या मंचावर गाता येते अशी वाटावी.

पुढच्या निवडीची नियमावली निघेल तेव्हा त्यात मुझिका मुझिकाच्या विजेत्यासाठी राखीव जागेची ओळ असेल का, एवढे कळवावे. उत्तर माल्टीजमध्ये पाठवलेत तर अधिक आनंद होईल. मुलीकडून वाचून घेईन, आणि आजींनाही वाचून दाखवायला सांगेन.

आपली नम्र,
माल्टात राहणारी एक मराठी परिचारिका