मग ही गोष्ट सांगितली कोणी?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या रविवारच्या पुरवणीत इंग्लंडच्या नैऋत्य टोकाजवळच्या सिली बेटांपाशी १७०७ साली बुडालेल्या इंग्रज आरमाराबद्दल आलंय ते वाचलं. विषय घेतला ते बरं झालं, नाहीतर आपल्याकडे जहाज बुडालं म्हटलं की टायटॅनिक सोडून कोणाला काही आठवत नाही. पण एका खलाशाने ॲडमिरलला "आपण चुकीच्या जागी आलोय" असं सांगितलं आणि ॲडमिरलने त्यालाच फाशी दिली हे जे ठासून लिहिलंय ते पटलं नाही. अहो, ॲडमिरल क्लाउडस्ली शॉव्हेल ज्यावर होता ते असोसिएशन हे ९० तोफांचं जहाज गिलस्टोनच्या खडकावर आपटलं आणि तीन-चार मिनिटांत गेलं, वरची सुमारे ८०० माणसं गेली, एकसुद्धा वाचला नाही. मग फाशीची बातमी किनाऱ्यावर आणली कोणी, माशांनी? ही गोष्ट बऱ्याच वर्षांनी मागून चिकटवलेली आहे. आणि किनाऱ्याला जिवंत लागलेल्या ॲडमिरलला एका बाईने अंगठीसाठी मारलं, ती पण त्यातलीच.

खरं काय झालं ते जास्त भयंकर आहे. फ्रान्सच्या तुलाँ बंदरावरची मोहीम फसली, २१ जहाजं जिब्राल्टरहून घरी निघाली, वाटेत वादळं आणि ढग. २२ ऑक्टोबरला (इंग्लंडचं तेव्हाचं जुनं कॅलेंडर) वाटत होतं की आपण इंग्लिश चॅनलच्या (इंग्लंड-फ्रान्समधल्या समुद्राच्या) तोंडाशी मोकळ्या पाण्यात आहोत, म्हणून संध्याकाळी वाऱ्याबरोबर शिडं सोडली, आणि रात्री आठच्या सुमारास थेट खडपांत. असोसिएशन, ईगल, रॉम्नी, फायरब्रँड अशी चार जहाजं गेली, माणसं १४०० ते २००० च्या दरम्यान. रॉम्नीवरचा फक्त एक जण वाचला.

मी स्वतः मालवाहू जहाजांवर पंचवीस-तीस वर्षं काढली, त्यामुळे हे वाचताना पोटात गोळा येतो. एकदा चॅनलकडे येताना तीन दिवस सूर्य नाही, सॅटनॅव्ह (उपग्रहावरून जागा सांगणारं यंत्र) बंद पडलेलं, सूर्य-तारे बघून जागा काढायचा सेक्स्टंट पेटीत तसाच. कॅप्टन तेवढा दर तासाला चार्टवर पेन्सिलने अंदाजाची खूण करत होता आणि दर खुणेला आमचे चेहरे आणखी लांब होत होते. शेवटी रात्री सिलीजवळच्या बिशप रॉक दीपगृहाचा दिवा दिसला, १५ सेकंदांत दोन झगमगाट, तेव्हा कुठे आम्ही चहा प्यायलो. शॉव्हेलच्या वेळी बिशप रॉकवर दिवाच नव्हता, तो आला १८५८ मध्ये, तेव्हा होता तो सिलीतल्याच सेंट ॲग्नेस बेटावर कोळशाच्या शेगडीचा उजेड. पावसाळी रात्री तो कितीसा दिसणार.

दुसरं म्हणजे पुरवणीत सगळा दोष रेखांशाला, म्हणजे आपण पूर्व-पश्चिम किती आलोय ते न कळण्याला दिलाय. वाचलेल्या जहाजांच्या लॉगबुकांत अक्षांशाच्याही चुका आहेत आणि कंपास तर धड नव्हतेच. पण बोभाटा झाला रेखांशाचा, आणि १७१४ मध्ये पार्लमेंटने समुद्रावर रेखांश काढायची पद्धत शोधणाऱ्याला २०,००० पौंडांपर्यंतचं बक्षीस लावलं. मुळात हा खेळ वेळेचा, पृथ्वी ४ मिनिटांत १ अंश फिरते. मुंबईत सूर्य बाराला डोक्यावर येत नाही, सरासरी १२:३९ ला येतो, कारण आपलं घड्याळ ८२.५ अंशाच्या रेषेवर लावलेलं आणि मुंबई तिच्या पश्चिमेला साधारण साडेनऊ अंश. म्हणजे घरच्या वेळेला लावलेलं, बरोबर चालणारं घड्याळ सोबत असेल तर ती वेळ आणि जहाजावरची दुपार यांच्या फरकावरून आपण कुठे आहोत ते कळतं, पण डुलत्या जहाजावर बरोबर चालणार कसं? ते केलं जॉन हॅरिसन नावाच्या सुताराने. त्याचं घड्याळ १७६१-६२ मध्ये जमैकाला जाईपर्यंत फक्त ५ सेकंद मागे पडलं.

शॉव्हेल मात्र वेस्टमिन्स्टर ॲबीमधल्या पुतळ्यात डोक्यावर लांब विग घालून लोडाला टेकून बसलाय, जन्मभर समुद्रावर राहिलेला माणूस असा दाखवला म्हणून ॲडिसन या इंग्रज निबंधकाराने तेव्हाच टिंगल केली होती.

आणि हो, लेखासोबत जे चित्र छापलंय त्यातल्या जहाजाला धुराडं आहे. १७०७ साली?

आपला,
एक निवृत्त दर्यावर्दी, रत्नागिरी