नटांच्या वह्या रद्दीत जाण्याआधी

महोदय,
सप्रेम नमस्कार.

यंदाच्या ४ जूनला झोल्तान लातिनोवित्स या हंगेरियन नटाच्या मृत्यूला ५० वर्षं झाली. त्याच्याविषयी आपल्या पेपरात चार ओळी याव्यात म्हणून हे पत्र. त्याच्या निमित्ताने नाशिकच्या नटांसाठी एक मागणंही आहे.

मी सरकारी खात्यात आरेखक होतो. दिवसभर ट्रेसिंग पेपरवर बंधाऱ्यांचे छेद काढायचे आणि संध्याकाळी तालमीला जायचं. राज्य नाट्य स्पर्धेच्या नाशिक केंद्रावर मी बावीस वर्षं कामं केली. लातिनोवित्सही आधी आराखड्यांच्याच वाटेचा होता हे कळलं आणि मी त्याच्यामागे लागलो. जन्म १९३१ चा, बुडापेस्टचा. घराणं खातंपितं, नव्या कम्युनिस्ट राजवटीच्या डोळ्यांत खुपणारं. म्हणून आधी सुतारकाम शिकला, पुलांच्या बांधकामावर राबला. १९५६ मध्ये त्याने वास्तुकलेची पदवी घेतली आणि त्याच वर्षी देब्रेत्सेनच्या नाट्यगृहात नट म्हणून दाखल झाला. आपले डॉ. लागू शल्यविशारद होते, त्यामुळे हे वेड मराठी माणसाला समजावून सांगायला नको.

मुलाने मला त्याचा १९७१ चा ‘सिंदबाद’ हा चित्रपट लावून दिला. हुसारिक दिग्दर्शक. त्यात तो एकटा टेबलाशी बसून जेवतो. नळी आपटून आतली मज्जा काढतो, तेव्हा हाताला जराही घाई नाही. भूक आणि आठवण एकाच घासात. त्याच्या आईचे वडील कारोय गुंडेल हे बुडापेस्टचे नामांकित रेस्टॉरंटवाले होते. ताटाशी कसं बसावं हे त्याला घरातूनच मिळालं असावं. तो प्रसंग मी तीनदा पाहिला. स्टेजवर जेवताना आम्ही नुसती बोटं ताटलीत फिरवायचो, त्याची लाज वाटली.

हंगेरीत त्याला नटांचा राजा म्हणतात. आपल्या शहरात राहून तात्यासाहेब शिरवाडकरांनी १९७० मध्ये रंगभूमीला ‘नटसम्राट’ दिला. हा शब्द ऐकून नाशिककराच्या काळजात काय होतं ते वेगळं सांगत नाही. मात्र या राजाने लिहूनही ठेवलं. १९७३ मध्ये त्याचं पुस्तक आलं, नावाचा अर्थ साधारण ‘धुक्यात टोचत चाललेला’ असा. नट काय सोसतो, नाटक कसं असावं, हे त्याने त्यात मांडलं. तीन वर्षांनी, ४४ व्या वर्षी, बालातोन सरोवराकाठच्या बालातोनसेमेश गावात तो रेल्वेखाली गेला. अपघात की आत्महत्या, हा वाद तिथे अजून मिटलेला नाही. ज्या अत्तिला योझेफच्या कविता तो म्हणायचा, तो कवीही १९३७ मध्ये याच काठावर, जवळच्याच गावात रेल्वेखाली गेला होता. हे वाचलं त्या रात्री मला झोप लागली नाही.

आता मागणं. आम्हाला शिकवणारे एक दिग्दर्शक प्रत्येक नाटकाची वही करत. लाल पेन्सिलीने हालचाली, निळ्याने श्वास कुठे घ्यायचा त्याच्या खुणा. समासात ‘इथे थांब, प्रेक्षक अजून मागच्या वाक्यात आहे’ असंही लिहिलेलं. ते गेल्यावर तेराव्यानंतर मी त्या वह्या मागायला गेलो. आदल्या दिवशीच रद्दी गेली होती. घरच्यांना तरी मी काय बोलणार? आधी मागायला हव्या होत्या.

तेव्हा आठवड्यातून एकदा, अर्धा कॉलम का होईना, जागा द्या. कालिदास कलामंदिरात, सायखेडकर नाट्यगृहात ज्यांनी आयुष्य घातलं त्या सत्तरी-ऐंशीतल्या नटांनी तिथे आपल्या एका भूमिकेबद्दल लिहावं. पाठ कसं केलं, कुठे अडलो, कोणत्या प्रयोगाला सूर सापडला. हात थरथरत असेल त्यांचं मी लिहून घेईन. माझं अक्षर आरेखकाचं आहे, टाइप करणाऱ्यांना त्रास होणार नाही. माझ्या स्वतःच्या चार वह्या आहेत. पहिली येत्या सोमवारी आपल्या कार्यालयात आणून देतो.

आपला,
एक निवृत्त आरेखक, नाशिकरोड